खडूच्या रेघेपलीकडची भिंत

१

मास्तरांच्या घरी चोरी झाली, आणि चोरानं नेलं काय, तर घाण!

ऐकणाऱ्याला हसू येईल. गल्लीतल्यांनाही आलंच. पण त्या सकाळी मास्तर बनियनवर, चष्मा हातात धरून बाहेरच्या खोलीत उभे होते आणि समोरच्या भिंतीकडे असे बघत होते, की घरातलं कुणी गेल्यावरही माणूस असं बघत नसेल.

भिंत पांढरी होती. लख्ख, धुतल्या तांदळासारखी. आणि काल रात्री सगळे झोपायला गेले तेव्हा ती काळीकुट्ट होती.

"बेबी!" मास्तर ओरडले. "बेबी, अगं धाव! बुडालो आपण!"

बेबी म्हणजे त्यांची धाकटी बहीण. साठी उलटली तरी भावाला बेबीच. बाकी अख्ख्या जगाला ती आत्या. आत्या दारात आली, भिंत बघितली आणि तिचा जांभईला उघडलेला आ तसाच राहिला.

आता बुडण्यासारखं काय झालं ते सांगायला हवं. मास्तरांच्या घराला पाठ लावून जुने टायर तापवून तेल काढायची भट्टी होती. घर आधीचं, भट्टी मागाहून आलेली. भट्टी पेटली की झरोक्यातून काजळी आत यायची आणि सरळ त्या भिंतीवर बसायची. गल्लीतल्या सगळ्यांच्याच घरात बसायची. पण कारखान्यानं एक युक्ती केली होती. दरवर्षी आपल्या खर्चानं घरोघरी रंग लावून द्यायचा आणि 'आम्हाला कसलाही त्रास नाही' या कागदावर सही घ्यायची. बघता बघता गल्ली पांढरीशुभ्र झाली. सही न करता कोर्टात गेले ते एकटे मास्तर. त्यांची वकीलबाई म्हणाली, "मास्तर, ही भिंत म्हणजे आपला साक्षीदार. थरावर थर बसू द्या. हिला हात लावायचा नाही." बाहेरची भिंत पावसानं धुतली जाते, ती उपयोगाची नाही. आतलीच.

झालं! मास्तरांनी जन्मभर गणित शिकवलेलं. त्यांनी मोठी पट्टी आणली, खडू आणला आणि भिंतीपासून हातभर अंतरावर जमिनीवर सरळसोट रेघ ओढली. पुसट झाली की पुन्हा ओढायची. त्या रेघेपलीकडे घरातल्या कुणी पाऊल टाकायचं नाही. तीन वर्षं कुणी टाकलं नाही. भिंतीवर मास्तरांचा आणि वहिनीचा लग्नातला फोटो होता, तोसुद्धा काजळीखाली गेला. चेहरे दिसेनासे झाले, तरी कुणी काढला नाही.

कारखान्यानं कोर्टात कैफियत दिली होती, की ही काजळी आमची नव्हेच. मास्तरांनी परवाच जेवताना ती मोठ्यानं वाचून दाखवली होती. "सदर काळेपणा हा वादीच्या घरातील स्त्रियांच्या अस्वच्छ राहणीमुळे व स्वयंपाकघरातील धुरामुळे साचलेला आहे. ऐका! अरे, काय लिहितात लेकाचे!" आणि सगळे पोट धरून हसले होते.

तर त्याचाच निकाल आज लागायचा होता. अकरा वाजता कोर्टाचे कमिशनर येणार, त्यांच्याबरोबर प्रयोगशाळेचा माणूस येणार, तो भिंत खरवडून थर नेणार. टायरची काजळी ठरली की मनाई हुकूम आणि भट्टी बंद. नाही ठरली, तर मास्तरांच्या मुलानं काय ते आधीच सांगून टाकलं होतं. नात चिमी जेमतेम अडीच वर्षांची, आणि झोपली की तिच्या छातीत मांजर घुरघुरायचं. डॉक्टरांनी बजावलं होतं, पोरीला या हवेतून न्या. मुलानं दूर दुसऱ्या गावी खोली बघून ठेवली होती. "बाबा, फक्त या तारखेपर्यंत थांबतो," एवढंच तो म्हणाला होता.

म्हणजे भिंत गेली, की चिमी गेली. हिशोब इतका सरळ होता.

"हे कारखान्याचंच काम," मास्तर म्हणाले. "तो रंगाचा ठेकेदार, त्यांचा पाळलेला. पोलिसांतच देतो त्याला."

"दे की. पण आधी सांग, आज सकाळी दार कुणी उघडलं?"

"मीच. का?"

"कडी?"

मास्तरांनी चष्मा घातला. "आतून लावलेली होती," ते हळूच म्हणाले.

२

आत्याचा जन्म विमा कंपनीत आगीचे दावे तपासण्यात गेला होता. दुकान जळलं की जाळलं, ते ती राखेत काठी फिरवून सांगायची. लग्न केलं नाही. का म्हणून विचारलं तर म्हणायची, "खोटं बोलणारी माणसं ऑफिसात पोटभर भेटायची, आणखी घरी कशाला?" भावाच्या या दिवसाला आपण जवळ असावं म्हणून ती परवाच आली होती.

तिनं भिंतीला नाक लावलं. साबणाचा वास. बोट फिरवलं, बोट स्वच्छ. मग ती मागे सरून बराच वेळ नुसती बघत राहिली.

"ओघळ नाहीत," ती म्हणाली.

"काय?"

"काजळी वरून धुवायला घेतली, की काळं पाणी खाली ओघळतं आणि त्या रेघा भिंतीत बसतात. मग कितीही घासा, जात नाहीत! इथे एक ओघळ नाही. म्हणजे खालून वर पुसत नेलंय. जो कुणी आहे तो कामाचा माहीतगार आहे."

"मग ठेकेदारच!"

"असेल. त्याला बोलव. पोलिसाला नको, त्यालाच."

तेवढ्यात वहिनी चहा घेऊन आली. "वन्सं, आधी चहा घ्या. उपाशीपोटी कसली चौकशी करताय." मास्तरांची बायको कमी बोलणारी. घरात एवढा आकांत चालला होता, पण ती न्हाऊन, केस विंचरून, ठेवणीतले कपडे घालून तयार होती. कपही सोनेरी काठाचे, एरवी कपाटातून न निघणारे.

"आज हे कप?" आत्यानं विचारलं.

"कोर्टाची माणसं येणार ना." वहिनीनं डाव्या हातानं चहा ओतला. थोडा बशीत सांडला. वहिनीच्या हातून सांडत नाही कधी. पण आज कुणाचा हात जागेवर होता?

ठेकेदार आला तो तोंडाचा पट्टा चालवतच आला. शेजारीच राहायचा. त्याची शिडी दोन्ही घरांमधल्या कुंपणाला टेकलेली होती, आणि ती सगळ्या गल्लीनं बघितली होती.

"आत्या, माझ्या पोरांची शपथ! मी या घरात पाऊल टाकलं नाही."

"काल संध्याकाळी फाटकात उभं राहून 'मास्तर, एक हात मारून देतो, फुकट' कोण म्हणत होतं?"

"मीच. गेली तीन वर्षं म्हणतोय. गंमत करतो हो मास्तरांची." मग त्यानं भिंतीकडे बघितलं आणि धंद्याच्या माणसासारखा जरा गंभीर झाला. "मी असतो ना आत्या, तर नुसती पुसून सोडली नसती. वरून रंगाचे दोन हात मारले असते, की खालचं काही कुणाच्या बापाला सापडलं नसतं. शिवाय हे कापडानं केलंय. इतकं कोण घासत बसतो? आम्ही असं काम केलं तर पोटाला चिमटे बसतील."

आत्याला हे पटलं. लबाड माणूसही आपल्या धंद्याबद्दल सहसा खरं बोलतो, हा तिचा अनुभव.

ठेकेदार जायला निघाला आणि दारात घुटमळला. "एक सांगू? माझं नाव घेऊ नका. पहाटे मी पाणी भरायला उठलो होतो. तुमचा मुलगा मागच्या अंगणात ओले कपडे वाळत घालत होता. एवढ्या पहाटे, पुरुषमाणूस!"



३

मुलगा आतल्या खोलीत बॅग भरत होता. बॅग बघून आत्याला राग आला. राग आला म्हणून तिनं आडपडदा ठेवला नाही.

"पहाटे कपडे धुवत होतास म्हणे?"

"हो. का?"

"कसले?"

"चिमीचे. आणि माझे." तो बॅगेतून वर न बघता म्हणाला. "खोकता खोकता ओकली. सगळं अंगावर. हिला उठवलं नाही, दोन रात्री जागलीय. मीच धुतले."

सूनबाई चिमीला मांडीवर घेऊन बसली होती. पोरगी जागी होती पण मलूल, तोंड उघडं टाकून श्वास घेत होती. "खरं आहे आत्या," सूनबाई म्हणाली. "चादर अजून ओलीच आहे, बघा हवं तर." आणि मग तिचे डोळे भरून आले. "तुम्हाला काय वाटतं, आम्ही पुसली? कशासाठी? जायला मोकळं व्हावं म्हणून?"

आत्याला नेमकं तेच वाटलं होतं.

मुलानं चेन ओढली, ती अडकली, त्यानं बॅगेला लाथ मारली. "जायचं कुणाला होतं, आत्या? माझं काम इथे, आई-बाबा इथे. ती भिंत जिंकली असती तर आम्ही राहिलो असतो. माझ्याइतकी ती भिंत कुणालाच हवी नव्हती. बाबांना सुद्धा नाही. त्यांना खटला जिंकायचा होता. मला घर."

खोटं बोलणारी माणसं बॅगेला लाथ मारत नाहीत. आत्या बाहेर आली. आता तिच्या हाताशी ना ठेकेदार होता ना मुलगा, आणि घड्याळ तर काही थांबत नव्हतं.

बाहेरच्या खोलीत मास्तर टेबलाशी बसून फिर्याद लिहीत होते. वर ठेकेदाराचं नाव मोठ्या अक्षरात. "दुसरं कोण असणार?" ते स्वतःशीच पुटपुटत होते.

आत्या भिंतीकडे जायला निघाली, आणि सवयीनं थबकली. पायाशी खडूची रेघ होती. परवा आल्या आल्या मास्तरांनी तिलाही दम भरला होता, 'रेघेपलीकडे नाही हं बेबी!' दोन दिवसांत तिच्याही पायांना कळलं होतं. मघाशी भिंतीला नाक लावायला गेली तेव्हा उडी मारूनच गेली होती, तिचं तिलाही कळलं नव्हतं.

ती खाली वाकली.

रेघ जशीच्या तशी होती. पट्टीनं ओढलेली, सरळ, अखंड. रेघेपलीकडची फरशी धुऊन पुसून आरशासारखी केलेली होती, अगदी रेघेला टेकेपर्यंत. पण रेघेवर पाण्याचा एक थेंब नव्हता. पावलाचा पुसट डागसुद्धा नव्हता.

बाहेरचा चोर अंधारात आला असता, तर बादली घेऊन दहादा त्या रेघेवरून गेला असता. त्याला काय ठाऊक इथे रेघ आहे म्हणून? ज्यानं हे केलं त्याचे पाय तीन वर्षं ती रेघ ओलांडत नव्हते. भिंत पुसून टाकली, पण रेघ मोडायचा धीर झाला नाही त्याला.

"दादा," आत्या म्हणाली, "ती फिर्याद फाड."

४

मास्तरांनी फाडली नाही. वकीलबाई आली, तिनं भिंत बघून कपाळाला हात लावला आणि फिर्याद वाचून म्हणाली, "हे ठीक आहे. ठेकेदाराचं नाव घेऊ. खरं असो नसो, चौकशी लागेल, कमिशनर पुढची तारीख देतील, तेवढा तरी वेळ मिळेल. नाहीतर आज सगळं संपलं."

"आणि तो बिचारा?" आत्यानं विचारलं.

"आत्या, बुडत्याला काडीचा आधार."

काडी शोधायला आत्या भिंतीकडे गेली, या वेळी रेघ ओलांडून. कुठेतरी बोटभर काजळी राहिली असेलच की. फोटोमागे? तिनं फोटो खिळ्यावरून उतरवला. मागची भिंत स्वच्छ. बरं, फोटोच्या चौकटीवर? चौकटीची वरची कड, जी कुणी कधी बघत नाही, तीही पुसलेली. काच तर इतकी लख्ख, की तीन वर्षांनी त्यात वहिनीचा तरुण चेहरा दिसला. विजेच्या बटणांच्या खाचा, दाराच्या मागची बाजू, झरोक्याची जाळी, सगळीकडे हात फिरलेला.

आत्या मोरीत गेली. काळं पाणी जिथे ओतलं तिथे काही तरी राहील? मोरी घासलेली, बादली पालथी घातलेली. मग फडकं! फडक्यात तरी काजळी असणारच. फडकं मागच्या दोरीवर होतं. साबण लावून, पिळून, झटकून, काठाला काठ जुळवून वाळत घातलेलं. पांढरंशुभ्र.

आत्याला हसू आलं आणि त्याच क्षणी रडूही आलं. कोर्टात नेण्यासारखा कणभर पुरावा या घरात उरला नव्हता, कारण पुसणाऱ्याला अर्धवट काम माहीतच नव्हतं. वैरी भिंत पुसेल, पण फोटोची काच कशाला पुसेल? फडकं धुऊन कोण वाळत घालेल?

मग एकेक आठवत गेलं. ठेवणीतले कपडे. सोनेरी काठाचे कप. डाव्या हातानं ओतलेला चहा, कारण उजवा खांदा वर जात नव्हता. आणि परवाचं ते जेवण. 'घरातील स्त्रियांच्या अस्वच्छ राहणीमुळे.' सगळे हसत होते तेव्हा वहिनी भात आणायला आत गेली होती आणि बराच वेळ आली नव्हती. आत्याही हसत होती. चांगली खो खो.

बाहेरच्या खोलीत मास्तर ठेकेदारावर ओरडत होते. त्याला पुन्हा बोलावून आणलं होतं. तो हात जोडून उभा होता आणि गंमत करायची त्याची सगळी खुमखुमी गेली होती.

"दादा, हा नाही," आत्या दारातून म्हणाली. "कडी आतून होती. रेघ मोडलेली नाही. हे घरातल्याच माणसानं केलंय."

"घरातलं कोण?" मास्तर गरकन वळले. "नाव सांग!"

जन्मभर नावं सांगायचं काम केलेल्या आत्याला ते नाव सांगता येईना. ती वहिनीकडे बघणार नव्हती. पण बघितलं गेलंच.

"मी पुसली," वहिनी म्हणाली.

आतून चिमीचा खोकला ऐकू आला.

"अगं, काय बोलतेयस?" मास्तर म्हणाले. "तुला कळतंय का काही?"

"कळतंय. तीन वर्षं कळतंय. सगळी गल्ली पांढरी आणि एक माझं घर काळं. कुणी आलं की मी दार लोटून घ्यायची. तरी म्हटलं, तुमचा खटला आहे, असू दे. पण तुम्ही ते वाचून दाखवलंत. एकदा नाही. जेवताना वाचलंत, याला फाटकात थांबवून वाचलंत, दूधवाल्याला वाचून दाखवलंत. सगळे हसले. वन्सं पण हसल्या."

"अगं, आम्ही त्यांच्या मूर्खपणाला हसलो!"

"मला काय माहीत कुणाला हसलात? त्या वाक्यात मी होते." वहिनीचा आवाज फुटला. "कोर्टाचा माणूस येणार, भिंत बघणार आणि लिहून नेणार, की या घरातली बाई घाणेरडी. कोर्टाचा कागद म्हणे कायमचा राहतो. मी फक्त फोटो पुसणार होते हो. एवढा फोटो पुसावा म्हटलं. मग त्याच्याभोवती पांढरा चौकोन दिसायला लागला. तो बरा दिसेना, म्हणून जरा बाजूचं पुसलं. तर ओघळ यायला लागले. म्हणून खालून धरलं. मग मला थांबताच येईना, वन्सं."

मुलगा आतल्या दारात येऊन उभा होता. "आई," तो अगदी हळू म्हणाला, "चिमीचा विचार नाही आला?"

"आला," वहिनी म्हणाली. "पुसून झाल्यावर आला."

आणि फाटकाशी गाडी थांबली.

५

कमिशनर वयस्कर आणि सभ्य होते. चपला दाराबाहेर काढून आले. त्यांच्यामागे कारखान्याचा वकील, आणि प्रयोगशाळेचा माणूस हातात पेटी घेऊन. तिघांनी भिंतीकडे बघितलं, मग एकमेकांकडे.

"हीच का ती भिंत?" कमिशनरनी विचारलं.

"हीच," वकीलबाई म्हणाली. "साहेब, कालपर्यंत ही काळी होती."

"मी कालचं लिहू शकत नाही, बाई. मला आज जे दिसतं ते लिहायचं असतं."

प्रयोगशाळेच्या माणसानं पेटीतून पातं काढलं, तीन-चार ठिकाणी खरवडलं आणि मान हलवली. पात्यावर नुसता चुना.

कारखान्याचा वकील हसू दाबत पुढे आला. "कालपर्यंत काळी होती म्हणता, मग पुसली कुणी? तेही नोंदवून घ्या साहेब. पुरावा कुणी नष्ट केला, ते कळू दे कोर्टाला."

वकीलबाईनं टेबलावरची फिर्याद मास्तरांच्या हाताशी सरकवली. ठेकेदाराचं नाव वरच होतं. ते नुसतं उच्चारलं असतं, तरी तारीख पुढे गेली असती. आणि खरं सांगायचं तर खरं नावही खोलीतच होतं, हातात चहाचा ट्रे धरून उभं.

मास्तरांनी एकदा आतल्या दाराकडे बघितलं. तिथे मुलगा होता, आणि त्याच्या खांद्यावर चिमी. मग त्यांनी फिर्यादीची घडी घातली, आणखी एक घातली आणि खिशात ठेवली.

"आमच्या घरात घाण राहत नाही, साहेब," ते म्हणाले. "लिहा."

आत्यानं भावाला इतक्या वर्षांत रडताना बघितलं नव्हतं. आताही तो रडत नव्हता.

कमिशनर चहा प्यायले. सोनेरी काठाच्या कपाकडे, फोटोकडे, फरशीकडे बघत मनापासून म्हणाले, "ताई, घर फार छान ठेवलंय हो तुम्ही." बिचाऱ्याला काय माहीत! वहिनीचा चेहरा क्षणभर उजळला, आणि मग तिला ट्रे धरवेना, तो सूनबाईनं धरला.

मनाई हुकूम मिळाला नाही. त्याच आठवड्यात मुलानं सामान गाडीत चढवलं. आईवर तो रागावला नाही. रागावला असता तर बरं झालं असतं. त्यानं नेहमीसारखा निरोप घेतला, नेहमीसारखं 'तब्येतीला जप' म्हणाला. चिमीनं गाडीतून हात हलवला. तिला वाटलं, फिरायलाच चाललोय. वहिनी फाटकाशी उभी होती, आणि गाडी वळल्यावरही बराच वेळ तिथेच होती.

आत्या मात्र राहिली. आज जाते, उद्या जाते म्हणत राहिली. कमिशनरच्या अहवालाची नक्कल आली, तेव्हा वहिनी हात पुसत बाहेर आली. "वन्सं, काय लिहिलंय ते वाचा ना."

आत्यानं वाचलं. "घर स्वच्छ व नीटनेटके आढळले. भिंतीवर काजळी आढळली नाही."

"पहिलं वाक्य पुन्हा वाचा."

"घर स्वच्छ व नीटनेटके आढळले."

"कुणी ठेवलंय, ते लिहिलंय का?"

आत्यानं कागद उलटसुलट करून बघितला. ती खोटंसुद्धा बोलली असती, पण वहिनी तिच्या खांद्यावरून बघत होती. "नाही गं," ती म्हणाली.

भट्टी चालूच होती. भिंत आधी पिवळसर झाली, मग राखाडी. फोटोच्या काचेवर पुन्हा धुरकट साय धरली. वकीलबाई एक दिवस येऊन सांगून गेली, की नव्यानं अर्ज करता येईल, पण थर पुरेसा बसायला हवा. दोन वर्षं, तीन वर्षं. आणि या वेळी भिंतीला हात लावायचा नाही.

ती गेल्यावर मास्तर खुर्चीतून उठले. मग त्यांनी कपाटातून खडू काढला, पट्टी काढली, आणि तसेच दोन्ही हातात धरून उभे राहिले. जुनी रेघ पार पुसली गेली होती.

"अगं," त्यांनी हाक मारली. वहिनी आली. "विचारतोय," मास्तर म्हणाले. "ओढू का?"

तीन वर्षांपूर्वी त्यांनी विचारलं नव्हतं.

वहिनीनं भिंतीकडे बघितलं. फोटोच्या काचेवरून अलगद बोट फिरवलं, बोट काळं झालं. ते तिनं पदराला पुसलं नाही, नुसतं बघत राहिली. तोवर चिमी शाळेत जायला लागेल. तोवर ती आजीला ओळखेल का, हेही सांगता येत नव्हतं.

"द्या इकडे," ती म्हणाली.

तिनं पट्टी घेतली नाही. खडू घेतला, गुडघ्यांवर हात ठेवत खाली बसली आणि सरकत सरकत, या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत, स्वतःच रेघ ओढली. दुखऱ्या खांद्यामुळे हात मध्येच थरथरला आणि रेघ वाकडी झाली.

मास्तरांनी उभ्या आयुष्यात कुणाची वाकडी रेघ खपवून घेतली नव्हती. ती त्यांनी तशीच राहू दिली.